चाळीस केबी आणि चोरीचा आळ

मंडळी, आज जरा भांडायचा मूड आहे. चहा घेऊन बसा, प्रकरण लांबणार आहे.

भांडण कुणाशी? तर मोबाईलवर इम्युलेटर दिसला रे दिसला की डोळे बारीक करून "म्हणजे पायरसीच की रे!" असं म्हणणाऱ्या तमाम सज्जनांशी. प्रत्येक हापिसात असे दोन तरी असतात. हे लोक महिन्याला पाच-सहा ठिकाणी वर्गणी भरतात. त्यातलं एक गाणं, एक सिनेमा, एक खेळ यांच्या मालकीचा नसतो. उद्या कंपनीने काढून घेतलं तर हे "अरेच्चा" म्हणणार आणि सातवी वर्गणी भरणार. पण नैतिक उंची मात्र यांच्याकडे!

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो, म्हणजे नंतर गैरसमज नको. इम्युलेटर टाकणं ही चोरी नाही. जुने खेळ जिवंत ठेवायचा तोच एक धड मार्ग उरलाय. आणि स्वतःच्या पैशाने घेतलेल्या यंत्रावर आपल्याला हवा तो प्रोग्राम चालवणं, यात लाजण्यासारखं काहीही नाही. या धंद्यात चोर आहेत, नाही असं नाही. पण तुम्ही बोट दाखवताय त्या घरात ते राहत नाहीत.

आधी ही वस्तू काय आहे ते बघू. कारण निम्मा आरोप अज्ञानातून येतो.

निन्टेन्डोचा फॅमिकॉम जपानमध्ये १५ जुलै १९८३ रोजी आला. पुढे अमेरिकेत तोच एनईएस नावाने गेला. आत ६५०२ घराण्यातला प्रोसेसर, वेग १.७९ मेगाहर्ट्झ, कामाची मेमरी २ केबी. हो, दोनच. १९८५ चा सुपर मारिओ ब्रदर्स हा सगळा खेळ ४० केबीत बसतो: ३२ केबी प्रोग्राम आणि ८ केबी चित्रं. तुम्ही रोज सकाळी "गुड मॉर्निंग"चा जो फुलांचा फोटो डिलीट करता, त्यात असे दोन-तीन मारिओ मावतील.

इम्युलेटर करतो काय, तर त्या प्रोसेसरची नक्कल. मेमरीतून एक आज्ञा उचलायची, तिचा अर्थ लावायचा, ती पाळायची, पुढची उचलायची. ६५०२ ला अधिकृत आज्ञा ५६. कॉलेजातल्या कुठल्याही पोराला दोन-तीन वीकांतांत लिहिता येतील. खरी मारामारी पुढे आहे. प्रोसेसरचा एक ठोका पडतो तेवढ्या वेळात चित्र काढणारी चिप तीन ठिपके पुढे सरकते, आणि ही दोघं एकमेकांच्या तालात राहिली नाहीत तर पडद्याचा खालचा भाग थरथरायला लागतो. लोकांनी हे सगळं जुन्या चिपांची मोजमापं घेऊन, चाचणी-प्रोग्राम लिहून, वर्षानुवर्षं रात्री जागून जुळवलंय. फुकट. आणि त्यात निन्टेन्डोचा एक बाइटही नाही. एनईएसमध्ये मुळात बायोसच नव्हतं, उचलणार काय?

म्हणजे इम्युलेटर हा टेपरेकॉर्डर आणि खेळ ही कॅसेट. टेपरेकॉर्डर बाळगणाऱ्याला कुणी चोर म्हणत नाही.

कायदाही हेच म्हणतो. अमेरिकेत सोनीने कनेक्टिक्स कंपनीवर प्लेस्टेशनच्या इम्युलेटरवरून खटला भरला होता. २००० साली तिथल्या अपील न्यायालयाने निकाल कनेक्टिक्सच्या बाजूने दिला. आपल्याकडे कॉपीराइट कायदा १९५७ चा. त्याचं ५२ वं कलम म्हणजे काय केल्याने उल्लंघन होत नाही त्याची यादी. १९९९ च्या दुरुस्तीने त्यात काही पोटकलमं आली. प्रोग्रामची कायदेशीर प्रत जवळ असेल तर दुसरा प्रोग्राम त्याच्याशी जुळवण्यासाठी लागणारी, सहज न मिळणारी माहिती शोधून काढता येते. तो चालतो कसा हे तपासून त्यामागची तत्त्वं समजून घेता येतात. आणि स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून बिगर-व्यापारी, वैयक्तिक वापरासाठी नक्कल काढता येते. सज्जनांनी हे कलम सवडीने वाचावं. फार मोठं नाही.

आता लगेच कुणीतरी युझूचं नाव काढणार. बरोबर, मार्च २०२४ मध्ये युझू या इम्युलेटरच्या कर्त्यांनी निन्टेन्डोशी २४ लाख डॉलरची तडजोड केली आणि दुकान बंद केलं. पण तो इम्युलेटर स्विचचा होता. म्हणजे दुकानात विक्रीला असलेलं यंत्र, विक्रीला असलेले खेळ आणि त्यांची कुलपं उघडायचा वाद. आपल्याकडेही २०१२ पासून ६५अ कलमाने उल्लंघनाच्या हेतूने कुलूप फोडणं गुन्हा आहे. त्यावर स्वतंत्र भांडू. पण चाळीस वर्षांपूर्वीच्या कॅसेटमधल्या खेळाला तसं सांकेतिक कुलूपही नाही आणि ती कॅसेट विकणारं दुकानही नाही. दोन्हींना एकाच फटक्यात "पायरसी" म्हणायचं म्हणजे शेजारच्याची गाडी पळवणं आणि आजोबांची सायकल दुरुस्त करणं एकच आहे असं म्हणायचं.

आणि एक गोष्ट सरळ सांगतो. जो खेळ तुमच्याकडे कधीच नव्हता, त्याची रॉम जालावरून उतरवणं हे कायद्याच्या या आसऱ्याखाली येत नाही. "मी लहानपणी खेळलोय" हा पुरावा कोर्टात चालत नाही. :) माझा मुद्दा ते नियमात बसतं असा नाहीच. माझा मुद्दा असा की ज्याला तुम्ही नियम म्हणताय, तो आमच्या गावापर्यंत कधी पोचलाच नव्हता.

आमचं गाव फलटण. नव्वदीत तिथे "व्हिडिओ गेम" म्हणजे काय होतं? समुराई, मीडिया, मायक्रो जीनियस, टर्मिनेटर असल्या नावांचे डबे. कुणाचा तरी मामा पुण्याच्या तपकीर गल्लीतून घेऊन यायचा. सोबत पिवळी नाहीतर काळी कॅसेट, वर छापलेलं "९९९९९९ इन १" आणि आत मोजून आठ-दहा खेळ, तेच पुन्हा पुन्हा. मारिओ, कॉन्ट्रा, टँक, बदकं, सर्कस. चालली नाही की फुंकर. तरी नाही चालली की शर्टाने पुसून पुन्हा फुंकर. अडॅप्टर तापला की वर ओलं फडकं (हे करू नका). ज्याच्याकडे डबा नव्हता तो एसटी स्टँडच्या बाजूला तासावर पैसे देऊन खेळायचा, आणि पाच मिनिटांत भारनियमन झालं तर मालक पैसे परत द्यायचा नाही.

त्यातली एकही कॅसेट अस्सल नव्हती. सगळा माल नकली. अख्ख्या फलटणमध्ये अस्सल कॅसेट विकायला बसलेलं एक दुकान मला कुणी दाखवावं. तेव्हा "तुम्ही अस्सल का नाही घेतलंत" हा प्रश्न मुंबईच्या मोठ्या दुकानात उभं राहून विचारायला ठीक आहे. फलटणच्या पोराला विचारणं म्हणजे "भाकरी नाही तर केक का खात नाही" त्यातलाच प्रकार.

आणि यातच एक गंमत आहे, जी सज्जनांना माहीत नसते. अमेरिका-जपानच्या टीव्हीवर सेकंदाला ६० चित्रं उमटायची. आपला टीव्ही पाल पद्धतीचा, सेकंदाला ५०. या खेळांचा वेग चित्रांच्या मोजणीवर बांधलेला. त्यामुळे पाल टीव्हीसाठी बनलेल्या नकली डब्यावर मारिओ थोडा रमतगमत पळायचा, सहापैकी पाच पावलं म्हणा ना, आणि गाणंही त्याच चालीने सावकाश वाजायचं. आज अधिकृत आवृत्तीत ६०च्या वेगाने खेळायला बसलं की हात चुकतात आणि आपण म्हातारे झालो असं वाटतं. तसं नाही हो! तुमचा खेळच वेगळा होता.

हा वेगळा खेळ जगात आज कुठे उरलाय? इम्युलेटरमध्ये. नेस्टोपिया, एफसीईयूएमएम यांच्या सेटिंगमध्ये जा, रीजन नावाच्या पर्यायात "डेंडी" असं दिसेल. डेंडी हा रशियातला १९९२ चा नकली डबा. त्याच्या चिपेचं वेळापत्रक या लोकांनी मोजून नोंदवून ठेवलंय. ते निवडा आणि मारिओ सोडा. ही चाल कुठलीही कंपनी तुम्हाला कधीच विकणार नाही, कारण त्यांच्या लेखी तो डबा अस्तित्वातच नव्हता. फलटणच्या, सोलापूरच्या, रशियातल्या कुठल्याशा गावातल्या पोरांनी जे प्रत्यक्ष खेळलं, त्याची नोंद ज्यांना तुम्ही चोर म्हणता त्यांनी ठेवली. साव मात्र विसरले.

प्रत काढणारा चोर असतो, ही समजूत तर फलटणसारख्या गावात विशेष हास्यास्पद आहे. फलटण हे महानुभावांचं मोठं ठिकाण. पंचकृष्णांपैकी चक्रपाणींचा जन्म इथला. आता महानुभाव वाङ्मय आपल्यापर्यंत आलं कसं ते बघा. म्हाइंभटांनी तेराव्या शतकाच्या अखेरीस लीळाचरित्र सिद्ध केलं. पंथाची परंपरा सांगते की पुढे स्वारीच्या धामधुमीत मूळ पोथी गेली आणि शिष्यांनी आठवून आठवून ती पुन्हा उभी केली. म्हणून आज तिचे अनेक पाठ आहेत. एकाच प्रतीत ठेवलं की एका धाडीत जातं. अनेकांनी अनेक प्रती केल्या म्हणून टिकलं.

पुढचा भाग तर थेट आपल्या धंद्यातला आहे. ग्रंथ जपायचे म्हणून पंथाने सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्या वापरल्या. ग्रंथ सुरक्षित राहिले, पण बाहेरच्या मराठी माणसाला काही शतकं त्यांचा पत्ताच नव्हता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वि. का. राजवाडे, वि. ल. भावे अशा अभ्यासकांच्या खटपटीने त्या लिपीची किल्ली बाहेर आली, तेव्हा कुठे मराठी गद्य किती जुनं आहे हे आपल्याला कळलं. म्हणजे दोन गोष्टी लागतात: प्रती करणारे हात आणि वाचायची किल्ली. रॉम ही प्रत, इम्युलेटर ही किल्ली. यातलं एक जरी नसलं तरी ग्रंथ काय आणि खेळ काय, कपाटात असून नसल्यासारखा.

"अरे पण लीळाचरित्र कुठे आणि मारिओ कुठे!" मान्य, तुलना मोलाची नाहीच. जतनाच्या रीतीची आहे. आणि करमणुकीची गोष्ट म्हणून टाकून दिलं की काय होतं ते आपण सिनेमात भोगलंय. आलम आरा, भारताचा पहिला बोलपट, १९३१. आज त्याची एकही प्रत नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं राहिलं १९६४ साली. तोवर मूकपटांतले बहुतेक गेले होते. पुस्तकांसाठी १९५४ चा कायदा आहे, प्रकाशकाला कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि आणखी तीन ग्रंथालयांना प्रत द्यावी लागते. संगणकीय खेळांसाठी त्या कायद्यात ओळसुद्धा नाही.

नुकसान काय झालं म्हणता? मारिओ एक वेळ राहू दे, त्याला सांभाळणारे जगभर आहेत. आपलं स्वतःचं बघू. १९९९ मध्ये मुंबईत इंडियागेम्स नावाची कंपनी सुरू झाली. नोकियाच्या जमान्यात जावावर चालणारे क्रिकेटचे, सिनेमांचे खेळ तिने केले. तुमच्याआमच्या बॅलन्समधून पैसे कापून आपण ते उतरवले. कंपनी आधी यूटीव्हीकडे गेली, मग डिस्नेकडे, आणि पुढे डिस्नेने भारतातला तो विभागच बंद केला. ते खेळ आज कुठल्या दुकानात मिळतात? कुठल्याच नाही. मिळालाच तर कुणाच्या तरी जुन्या मेमरी कार्डावर एखादी जार फाइल मिळेल. आणि ती चालवायला अँड्रॉइडवर जे२एमई लोडर नावाचा मुक्तस्रोत इम्युलेटर आहे, म्हणून चालेल. महाराष्ट्रात बसून मराठी पोरांनीही ज्यावर काम केलं असेल, तो माल केवळ "परदेशातल्या कुणा हौशी माणसाने किल्ली बनवली" एवढ्या धाग्यावर लटकलाय.

तीच गत देसी अड्डाची. २००९ मध्ये हैदराबादच्या गेमशास्त्रने पीएसपीसाठी केलेला, आपल्या गल्लीतल्या खेळांवरचा गेम. पीएसपीचं उत्पादन २०१४ मध्ये संपलं. डबा गेला की खेळ गेला. पीपीएसएसपीपी हा इम्युलेटर नसता तर आपल्या पतंगांचा आणि कबड्डीचा तो प्रयोग इतिहासातून पुसलाच होता.

हे आपलंच दुखणं आहे असंही नाही. २०२३ मध्ये अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने पाहणी केली. २०१० च्या आधी तिथे आलेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात विकतच मिळत नाहीत. मग संशोधकांना ते ग्रंथालयातर्फे घरबसल्या अभ्यासता यावेत म्हणून परवानगी मागितली, तर २०२४ मध्ये तिथल्या कॉपीराइट कार्यालयाने नकार दिला. म्हणजे विकणार नाही, आणि बघूही देणार नाही. याला मराठीत काय म्हणतात ते तुम्हाला माहितेय.

"पण बनवणाऱ्याच्या पोटावर पाय येतो ना?" हा एकच आक्षेप मला गंभीर वाटतो, कारण माझंही पोट कोड लिहूनच भरतं. तेव्हा उत्तर सरळ आहे: जे विकत मिळतं ते विकत घ्या. मायक्रो मेजेस नावाचा खेळ २०१९ मध्ये मॉर्फकॅटने एनईएससाठी नव्याने लिहिला, तोही बरोबर ४० केबीत. त्याची रॉम पैसे देऊन मिळते, रीतसर तुमची होते आणि इम्युलेटरवर चालते. घ्या की! नोव्हा द स्क्विरल तर मुक्तस्रोत आहे, कोडसकट फुकट. पण जी वस्तू कंपनी कुठल्याच किमतीला विकत नाही, तिची प्रत कुणी जपली तर नेमक्या कुणाच्या ताटातली भाकरी कमी झाली? तो हिशेब मला कागदावर मांडून दाखवा.

आता खरे चोर. वचन दिलं होतं.

पहिला चोर "दहा हजार गेम्स" असं लिहिलेली ती टीव्हीला लावायची काडी विकणारा. ऑनलाइन दोन-अडीच हजारांना मिळते. आत असतो लोकांनी फुकट लिहिलेला इम्युलेटर. स्नेस९एक्सच्या परवान्यात तर व्यापारी वापराला साफ मनाई आहे. याला त्याचं सोयरसुतक नाही. लेखकाचं नाव नाही, कोड नाही, वर परक्याच्या दहा हजार रॉम भरून नफा खिशात. सज्जनहो, तुम्ही ही काडी दिवाळीत भाच्याला भेट देता तेव्हा नैतिकता कुठे गेलेली असते?

दुसरा चोर दुसऱ्याचा इम्युलेटर उचलून वर जाहिराती चिकटवणारा. आयफोनवर इम्युलेटरला वर्षानुवर्षं बंदी होती, कारण म्हणे सुरक्षितता. एप्रिल २०२४ मध्ये ॲपलने नियम सैल केला, आणि दारातून आत शिरला कोण? आयजीबीए नावाचा ॲप, जो जीबीए४आयओएस या मुक्तस्रोत इम्युलेटरची जाहिराती लावलेली नक्कल होता. बोंब झाल्यावर काढला. मूळ लेखकाचा डेल्टा नंतर आला. म्हणजे पहारेकऱ्याने घरधन्याला वर्षानुवर्षं अडवलं आणि चोराला पहिल्या दिवशी सलाम ठोकून आत घेतलं. आणि तरी "दुकानातून घेतलं म्हणजे सुरक्षित" हे आपण म्हणत राहायचं!

तिसरा चोर सगळ्यांत मोठा, आणि तो बाकायदा आहे. "फुकट" गेम. फलटणला गेलो की पुतण्या मोबाईल घेऊन शेजारी येऊन बसतो. वय वर्षं दहा. त्याचा लाडका गेम, नाव घेत नाही, दर दीड मिनिटाला जाहिरात दाखवतो, पाचव्या लेव्हलला हिरे मागतो, आणि रेंज गेली की उघडतच नाही. "काका, नेट गेलं की गेमपण जातो," हे तो इतक्या सहज सांगतो जसं काही सूर्य मावळला की अंधार पडतो. त्याच्या पिढीला खेळ आपला असतो ही कल्पनाच कुणी दिलेली नाही. वहिनी म्हणतात, "भावजी, तो मोबाईलच वाईट." मोबाईल वाईट नाही हो वहिनी. त्यात बसलेला भाडेकरू वाईट आहे.

म्हणून मी एक कसोटी काढलीय: फ्लाइट मोड टाका. मग गेम सुरू करा. चालला तर तो तुमचा. नाही चालला तर तुम्ही त्याचे.

ही नुसती टाळीची वाक्यं नाहीत. २ सप्टेंबर २०२० ला सरकारने पबजी मोबाईलसकट ११८ ॲपवर बंदी घातली आणि ३० ऑक्टोबरला भारतातली सेवा थांबली. बंदी योग्य की अयोग्य हा वेगळा विषय. पण पोरांनी घरच्यांकडून भांडून घेतलेल्या पैशांतून जमवलेलं सामान त्या रात्री सर्व्हरसोबत अंधारात गेलं. पुढच्या वर्षी नव्या नावाने खेळ परत आला, सामान हलवायची सोयही झाली, पण ती कंपनीच्या मर्जीने. २०२२ मध्ये तोही दुकानातून गेला आणि २०२३ मध्ये परत आला. ३१ मार्च २०२४ ला युबिसॉफ्टने द क्रू नावाच्या गाड्यांच्या खेळाचे सर्व्हर बंद केले. रोख पैसे मोजून घेतलेली डिस्क तेव्हापासून चहाचा कप ठेवायच्या कामाची. त्यावर युरोपात मोहीम उभी राहिली आणि २०२५ मध्ये सह्या दहा लाखांच्या पुढे गेल्या. म्हणजे लोकांना आता कळतंय. उशिरा, पण कळतंय.

तर पुतण्याच्या मोबाईलवर काय केलं ते सांगतो, तुम्हालाही करता येईल. अर्धा तास पुरे.

रेट्रोआर्च घ्या, त्याच्या अधिकृत ठिकाणाहून किंवा प्ले स्टोअरमधून, नाव आणि कर्ता नीट वाचून. जाहिराती नाहीत, पैसे नाहीत, कोड उघडा. आत "कोर" निवडायचा असतो, म्हणजे कुठल्या यंत्राची नक्कल हवी ते. एनईएससाठी नेस्टोपिया किंवा एफसीईयूएमएम. फाइल वाचायची परवानगी तो मागेल, ती द्या. चाळीस केबीचा खेळ चालवणारा कुठलाही ॲप जर तुमचे कॉन्टॅक्ट किंवा लोकेशन मागत असेल, तर तो इम्युलेटर नाही, तो चोर क्रमांक दोन आहे. लगेच उडवा.

मग खेळ. सुरुवात नोव्हा द स्क्विरलने करा, फुकट आणि रीतसर. अस्सल जुनी कॅसेट कुणाकडे असेल तर ती वाचणारी यंत्रं मिळतात, तुमची तुम्ही प्रत काढा. रीजनमध्ये डेंडी लावा, जुनी चाल परत येईल. काचेवरच्या बटणांनी वैताग येतो, कारण बोटाला कडा लागत नाही. तेव्हा ओटीजीची पिन आणि साधं यूएसबी गेमपॅड घ्या. बटण दाबल्यावर मारिओ उशिरा उडतोय असं वाटलं तर रन-अहेड नावाची सोय आहे, एक फ्रेम ठेवा. आणि सगळं झालं की फ्लाइट मोड.

पुतण्या खारीचा खेळ तासभर खेळला. मध्ये एकही जाहिरात आली नाही, कुणी हिरे मागितले नाहीत. मग त्याने विचारलं, "काका, ह्यो कुणी बनवला?" मी कोड उघडून दाखवला. त्याला ओ की ठो कळलं नाही, पण खेळ माणसं बनवतात आणि तो उघडून बघता येतो, एवढं कळलं. हिरे मागणाऱ्या गेमने हा प्रश्न त्याला दोन वर्षांत एकदाही पडू दिला नव्हता.

मागणी म्हणाल तर माझ्या तीन आहेत. जो खेळ काही ठरावीक वर्षं कुणी विकतच नाही, त्याची जतनासाठी प्रत काढायला कायद्यात उघड मोकळीक हवी. सिनेमाला पुण्यात संग्रहालय मिळालं तसं इथे बनलेल्या खेळांनाही घर हवं, आणि ते आलम आरा झाल्यानंतर नको, आधी हवं. आणि विकणाऱ्याने दुकान बंद करताना किल्ली गिऱ्हाइकाच्या हातात देऊन जायला हवं.

सरकार हे करेल तेव्हा करेल. तोवर तुमच्यापुरतं एक काम आहे. दिवाळीत घरी जाल तेव्हा माळ्यावरचा तो डबा उतरवा. त्यात एखादा जुना नोकिया असेल, फुगलेल्या बॅटरीचा. बॅटरी काढून रीतसर ई-कचऱ्यात द्या. मेमरी कार्ड मात्र फेकू नका. संगणकाला लावा आणि जार फाइली शोधा. इथे बनलेला एखादा खेळ सापडला तर त्याच्या तीन प्रती करा आणि तीन ठिकाणी ठेवा. कदाचित जगातली शेवटची प्रत तुमच्याच माळ्यावर असेल.

आणि कुणी चोर म्हणालं, तर त्याला विचारा: तुझ्या मोबाईलमधला कुठला खेळ फ्लाइट मोडमध्ये चालतो?